हळू बोला, यातागान निजलाय

आमच्या गावाचं नाव यातागान आणि गावात घडणाऱ्या बाकदार तलवारीचं नावही यातागान. गावावरून तलवारीला नाव पडलं की तलवारीवरून गावाला, यावरून भट्टीपाशी बसणारे म्हातारे अजून तणतणतात. पण तो शब्द मुळात ना गावाचा ना तलवारीचा, तो माणसाचा. जो आडवा झालाय तो यातागान. उन्हं अंगावर आली तरी लोळत पडणाऱ्या पोराला आई हाच शब्द फेकून मारते. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्याची विचारपूस करताना शेजारीण हाच शब्द आवाज खाली आणून वापरते. आणि तलवार? ती लढवय्याच्या कमरपट्ट्यात आडवी खोचलेली असते, म्हणून तीही तीच. तिची पाठ निजलेल्या माणसासारखी वाकलेली असते.

हे सगळं सांगायचं कारण म्हणजे वेसेल उस्ताच्या घरात हा एकच शब्द तिन्ही अर्थांनी एकदम शिरला, आणि मग बाहेर पडेना. मी हे केझिबानच्या तोंडून ऐकलंय. ती त्या घरची थोरली सून. म्हातारपणी तिच्या अंगणात अक्रोड फोडायला मी जाऊन बसायचे, तेव्हा ती तुकड्यातुकड्यानं सांगायची.

वेसेल गावातला नावाजलेला लोहार, म्हणून सगळे त्याला उस्ता, म्हणजे उस्ताद, म्हणायचे. त्याच्या बायकोचं नाव दुदू. तिची आधीची मुलं पाळण्यातच गेली, म्हणून पुढच्या मुलाचं नाव ठेवलं दुर्मुश, म्हणजे राहिलेला. तो खरंच राहिला, वाढला. त्याच्यामागून हिम्मत झाला. दुर्मुशचं केझिबानशी लग्न झालं ते द्राक्षं उतरवून झाल्यावर, आणि बदामाला फुलं आली तेव्हा सुलतानाच्या फौजेची दवंडी पिटली गेली. येमेनला जायचं होतं.

वेसेलनं लेकासाठी यातागान घडवली. हस्तिदंत परवडत नव्हतं, म्हणून मुठीच्या टोकाला कानांसारखे फाकणारे बोकडाच्या शिंगाचे दोन तुकडे बसवले; त्यांना कानच म्हणतात.

"बाबा, तिथं बंदुका देतात म्हणे," दुर्मुश हसला. "ही कशाला? कांदे चिरायला?"

"बंदूक सरकारची. ही घरची. कांदे चिर नाहीतर काहीही कर, पण परत आण."

लेकाचा कमरपट्टा दुदूनं पुन्हा पुन्हा सोडून बांधला. शेवटी हिम्मतच म्हणाला, "आई, सोड आता, त्याला श्वास घेता येईना."

मग वर्षं गेली. पहिली काही पत्रं आली, नंतर तीही थांबली. लढाई संपल्याचं कळलं, सुलतान हरल्याचं कळलं. आसपासच्या गावांत एकेक जण परत येऊ लागला. कुणी पायानं अधू, कुणी डोळ्यांनी. दुदू रोज संध्याकाळी कोपऱ्यावरच्या पाणवठ्यापर्यंत जायची आणि पाण्याचा घडा भरून परत यायची. घरात पाणी भरलेलं असलं तरी.

खळ्यावर मळणी चालू होती, त्या दिवसांत एक परका माणूस दारात येऊन उभा राहिला. चेहरा काळवंडलेला, मिशा विरळ, अंगावर फौजेचा फाटका कोट. त्यानं कमरेची चिंध्यांची गुंडाळी सोडली आणि दोन्ही तळव्यांवर यातागान धरून पुढं केली. म्यान नव्हतं. शिंगाचे दोन कान सगळ्यांनी ओळखले.

दुदूनं तलवारीकडं पाहिलंही नाही. "माझा पोरगा कुठंय?"

त्या माणसाच्या तोंडून मग एवढंच निघालं, "यातागान."

"काय?"

"यातागान," तो पुन्हा म्हणाला. तलवार त्यानं उंबऱ्यावर ठेवली, केझिबाननं दिलेलं पाणी उभ्या उभ्या प्यायला आणि चालू लागला. हिम्मत गल्लीच्या टोकापर्यंत त्याच्यामागं धावला, पण त्यानं आपलं नाव सांगितलं नाही की गाव.

शेजारपाजारचे जमले. तलवार आली, माणूस आला नाही, यातच सगळं आलं, असं म्हणून बायकांनी पदर डोळ्यांना लावले. दुदू मात्र कडाडली, "रडायचं असेल तर आपापल्या घरी जा! मेला असता तर मेला म्हणाला असता की. जीभ होती ना त्याला? काय म्हणाला तो, ऐकलंत ना सगळ्यांनी?"

त्या संध्याकाळी तिनं कपाटातून दुर्मुशची गादी काढली. गादी घातली, उशी ठेवली. यातागान कुशीवर निजवली, शिंगाचे कान उशीवर, आणि रजई गळ्यापर्यंत ओढली. केझिबान दारात उभी होती.

"सूनबाई, तुझी जागा भिंतीकडची," दुदू म्हणाली.

हिम्मत बाहेरून आला. "आई, हे काय मांडलंयस?"

"हळू बोल. यातागान निजलाय."

हिम्मत हसला. त्याला हसू का आलं हे त्यालाच कळलं नसेल. आईनं वळून पाहिलं तेव्हा त्याचं तोंड आपोआप मिटलं. वेसेल उस्ता भट्टीवर निघून गेला आणि विझलेल्या भट्टीसमोर बसून राहिला.

सुरुवातीला सगळ्यांना वाटलं, दुःख नवं आहे, चार दिवसांत ओसरेल. ओसरलं नाही. दिवेलागणीला गादी पडायची, सकाळी उन्हं आली की उचलली जायची. वेसेलनं अक्रोडाच्या लाकडाचं सुरेख म्यान करून आणलं तर दुदूनं ते चुलीत घातलं. "जित्या माणसाला कफन घालता?" हळूहळू गावानंही वळण घेतलं. त्या अंगणात येताना बायका आपोआप आवाज खाली आणायच्या. पोरं गल्लीत ओरडू लागली की कुणीतरी दटावायचं, "गप्प रे, तिकडं यातागान निजलाय." म्हणणाऱ्याला हसू यायचं नाही आणि ऐकणाऱ्यालाही नाही.

केझिबानला आधी धास्ती वाटायची ती फक्त पात्याची. झोपेत हात गेला तर कापेल, म्हणून ती भिंतीला चिकटून निजायची. मग दुसरीच धास्ती सुरू झाली. सकाळी ती उठायची तेव्हा पलीकडची रजई चुरगळलेली असायची. उशीला खळगा पडलेला असायचा, शिंगाच्या दोन कानांनी पडेल त्याहून मोठा. लोखंड गार असायला हवं, तर ते उबदार लागायचं. थंडीत एकदा तिला जाग आली तेव्हा तिचा हात पात्यावरच होता, आणि कुठं कापलं नव्हतं. तिनं हात काढून घेतला नाही.

एकदा भर उन्हाळ्यात पात्यावर पाण्याचे थेंब उभे राहिले. दुदू धावतच फडकं घेऊन आली. "ताप भरलाय पोराला!"

वेसेलनं समजूत घातली, "अगं, गार लोखंडावर दव धरतं. साठ वर्षं लोखंडात गेली माझी, मला ठाऊक नाही का?"

"या उकाड्यात कुठलं दव?"

दुदूनं तिळाच्या तेलानं पातं पुसलं, आणि कुणी लेकराचं अंग पुसावं तसं पुसता पुसता ती काहीतरी गुणगुणत होती.

हिम्मत आता पुरा माणूस झाला होता. भट्टीचं निम्मं काम तोच ओढायचा. तलवारी कुणी मागत नव्हतं, पण विळे आणि द्राक्षवेली छाटायचे सुरे खपायचे. थोरला गेल्यावर भावजयीशी धाकट्यानं लग्न करायचं ही आमच्याकडची रीत. वेसेलनं एकदा जेवताना विषय काढला.

दुदूनं हातातला चमचा ताटलीत आपटला. "नवरा घरात असताना दिराशी लग्न लावता? तुमची जीभ कशी झडत नाही?"

"दुदू, तो लोखंडाचा तुकडा आहे. मीच घडवलाय."

"आणि दुर्मुशला कुणी घडवलं?"

दुसऱ्या दिवशी तुतीच्या झाडाखाली हिम्मतनं केझिबानला गाठलं.

"वहिनी, लग्नाचं राहू दे. मला एवढंच सांग, तुलाही तो दिसतो का?"

ती तुती वेचत राहिली. "दिसत नाही."

"मग?"

"पण बाजू रिकामी नसते, हिम्मत. मी काय करू?"

"माझी बाजू रिकामी आहे," तो म्हणाला. "या घरात मेलेल्याला अंथरूण आहे आणि जित्याकडं बघायला कुणी नाही." असं म्हणून तो ताडताड निघून गेला. केझिबान मला म्हणाली होती, त्या दिवशी पहिल्यांदा तिला स्वतःची भीती वाटली. कारण हिम्मतचं बोलणं ऐकून तिला वाईट वाटण्याआधी मनात आलं होतं की एवढ्या मोठ्यानं बोलू नये, तो जागा होईल.

वेसेलनं मनाशी काहीतरी ठरवलं. एका दुपारी दुदू ओढ्यावर धुणं धूत होती, तेव्हा त्यानं कपाटातून यातागान काढली आणि भट्टीवर नेली. तिचा विळा करायचा, आणि तो परगावच्या बाजारात कुणालातरी देऊन टाकायचा. त्यानं भाता मारला आणि पातं निखाऱ्यांत सरकवलं. लोखंड लाल होऊ लागलं तेवढ्यात ओढ्याकडून दुदूची आरोळी आली. भट्टीपासून ओढा दिसत नाही, मधे टेकाड आहे. पण आरोळी सगळ्या गावानं ऐकली.

"पाणी! कुणीतरी पाणी द्या त्याला! जळतंय त्याचं अंग!"

वेसेलनं चिमट्यानं पातं ओढून काढलं. घामानं निथळत तो घरी आला, कातड्यात गुंडाळून यातागान त्यानं परत कपाटात ठेवली आणि केझिबानला म्हणाला, "आता काय ते मला ठरवता येत नाही, पोरी. इमामाला मी आधीच विचारलं होतं. तो म्हणतो, गेलेल्याच्या नावानं नमाज पढता येईल, पण गेला अशी साक्ष देणारा कुणीतरी हवा. तो फौजी शोधला पाहिजे."

माग लागला तो एका फुटाणेवाल्यामुळं. गाढवावर फुटाण्यांची पोती लादून तो गावोगाव हिंडायचा. तो म्हणाला, तवास गावात एक येमेनहून आलेला माणूस आहे, शाकीर नावाचा, आणि त्याची एक तऱ्हा आहे. तो कधी आडवा होत नाही. भिंतीला टेकून बसल्या बसल्या झोपतो.

वेसेल आणि केझिबान भल्या पहाटे निघाले. शाकीरच्या दारात त्याची बायको फिदान कणीक मळत होती. कुठून आलात, तिनं विचारलं; यातागानहून म्हणताच तिचे हात थांबले.

"आत या. पण त्यांच्यासमोर तो शब्द काढू नका, काका. फार त्रास होतो."

शाकीर भिंतीला पाठ लावून बसला होता. पाहुण्यांना पाहताच त्यानं ओळखलं. तो उठू लागला, वेसेलनं त्याला बसवलं.

"बेटा, आम्ही भांडायला आलो नाही. माझा मुलगा मेला की नाही, एवढं सांग."

शाकीर जमिनीकडं पाहत म्हणाला, "मला ठाऊक नाही, उस्ता. खरंच ठाऊक नाही."

"म्हणजे?"

"आम्ही डोंगर उतरून समुद्राकडं निघालो होतो. अन्न नाही, पाणी नाही, सगळ्यांना ताप. चालता चालता एखादा वाटेकडेला बसायचा आणि म्हणायचा, जरा पडतो. मागून येतो. पहिल्या दिवशी आम्ही थांबलो, उठवलं. मग थांबायचं बंद झालं. थांबला तो तिथंच राहायचा. संध्याकाळी हजेरी व्हायची. नाव पुकारलं की कुणी हजर म्हणायचं, आणि जो मागं राहिला त्याच्यासाठी दुसरं कुणीतरी म्हणायचं, यातागान. मेला असं कुणी म्हणायचं नाही. मेला तर नव्हता ना! पडला होता."

केझिबान दारातून आत सरकली.

"दुर्मुश माझ्या शेजारी चालत होता," शाकीर म्हणाला. "एका बाभळीखाली थांबला. तलवार काढून माझ्याकडं दिली. म्हणाला, ही टोचते, आडवं होता येत नाही, तू धर. जरा पडतो. मी म्हटलं, ऊठ रे, गाव दिसतंय पुढं. गाव दिसत नव्हतं. तो हसला. कुशीवर वळला. मी चालू लागलो." त्यानं तोंडावरून हात फिरवला. "संध्याकाळी त्याचं नाव पुकारलं तेव्हा मीच म्हणालो तो शब्द. आणि तुमच्या दारात आईनं विचारलं तेव्हा दुसरा शब्दच येईना."

मग त्यानं मान वर केली आणि सरळ केझिबानकडं पाहत विचारलं, "ताई, तो अजून पडलेलाच आहे का?"

तिला उत्तर देता आलं नाही.

परतीच्या वाटेवर वेसेल एकदाच बोलला, "घरी सांगू नकोस तिला." पण केझिबाननं ठरवलं होतं. घरी पोचली तेव्हा दुदू गादी घालत होती. केझिबाननं तिचा हात धरून तिला खाली बसवलं आणि सगळं सांगितलं. बाभूळ, ताप, जरा पडतो म्हणालेला, काही न लपवता.

दुदू रडली नाही. रजईची कड मुठीत धरून ऐकत राहिली. ऐकून झाल्यावर म्हणाली, "अंगावर घातलं का कुणी त्याच्या काही?"

"नाही, आई."

"आणि कुणी उठवायला परत गेलं नाही?"

"नाही."

"जरा पडतो म्हणाला," दुदू स्वतःशी म्हणाली. "जरा! आणि मी मेली वेडी, रोज निजवतेय त्याला. रोज पांघरूण घालतेय. कसा उठेल तो?"

सकाळी उन्हं आत आली तेव्हा तिनं सगळ्यांना बोलावलं. गादीशेजारी गुडघे टेकून बसली. इतक्या वर्षांत तिनं त्याला नावानं हाक मारली नव्हती. आता मारली.

"दुर्मुश. ऊठ बाळा. उजाडलं. सगळे पुढं गेले रे, ऊठ आता."

तिनं रजई बाजूला केली, मूठ धरली आणि यातागान उभी केली. ती उठून दारापर्यंत गेली, उंबऱ्याबाहेर तलवार उभी धरून थोडा वेळ थांबली, गल्लीच्या टोकाकडं पाहत. कुणाला तरी जाताना पाहावं तसं. केझिबान म्हणायची, त्या वेळी वारा नव्हता, पण तिच्या बाजूनं काहीतरी गेलं. भीती वाटली नाही. फक्त खोली मोठी झाल्यासारखी वाटली.

"गेला," दुदू म्हणाली, आणि तलवार वेसेलच्या हातात दिली. त्यानं ती भट्टीच्या भिंतीवर उभी टांगली. आईनंच गेला म्हटलं, तीच साक्ष धरून इमामानं दुर्मुशच्या नावानं नमाज पढली. त्या रात्री केझिबानला झोप आली नाही, कारण बाजू रिकामी होती. असं बरेच महिने चाललं. ज्या सोबतीनं तिचा जीव घाबरा व्हायचा, तिच्याच आठवणीनं आता तिला रडू यायचं, आणि हे कुणाला सांगायची सोय नव्हती.

दुदू त्याच थंडीत गेली. आजारपण असं काही नव्हतं. तिला नुसती विश्रांती हवी होती. पुढच्या द्राक्षांच्या हंगामात हिम्मत आणि केझिबानचं लग्न झालं, ढोलताशांशिवाय. हिम्मतनं तिला घाई केली नाही. नव्या घरातही ती भिंतीकडंच निजायची, आणि त्यानं कधी कारण विचारलं नाही.

मग एक दिवस ती त्याला म्हणाली, "मला तवासला जायचंय. त्यानं विचारलं होतं, मी उत्तर दिलं नव्हतं."

दोघं गाढव घेऊन गेले. सोबत काकवीचं मडकं आणि ताज्या रोट्या नेल्या. शाकीर तसाच भिंतीला टेकून बसला होता, आणखी वाळलेला. केझिबान त्याच्यासमोर बसली.

"शाकीरभाऊ, सांगायला आले. तो उठला. आईनं उठवला त्याला. आता पडलेला नाही."

शाकीरनं डोळे मिटले. त्याची छाती एकदा वर झाली आणि खाली आली. फिदान पुढं सरकली. तिला वाटलं, आता हा आडवा होईल, इतक्या वर्षांनी आडवा होईल. तिनं उशीसुद्धा उचलली.

पण त्यानं डोळे उघडले.

"आणि बाकीचे?" तो म्हणाला.

हिम्मतनं केझिबानकडं पाहिलं. ती पुढं झाली आणि म्हणाली, "कोण कोण होते? नावं सांगा."

"नावं?"

"त्यांच्या आया त्यांना ज्या नावानं उठवायच्या, ती."

शाकीर सांगू लागला. चोरूमचा बेकिर, त्याला शीळ चांगली यायची. मुग्लाचा सात्मिश. दोघे चुलतभाऊ होते, रमझान आणि कुद्रेत, एकामागून एक पडले. एक होता त्याचं नाव विसरलो, पण तो सगळ्यांना बहिणीच्या लग्नाचं सांगायचा. केझिबान प्रत्येक नाव त्याच्यामागून म्हणत होती, मोठ्यानं, स्वच्छ, दुसऱ्या खोलीत निजलेल्याला उठवताना म्हणतात तसं. हिम्मतही म्हणू लागला.

फिदान उशी छातीशी धरून उभी होती. "माझ्याशी लग्न होऊन इतकी वर्षं झाली," ती हळूच म्हणाली, "यातलं एकही नाव मी ऐकलं नव्हतं."

नावं संपत नव्हती. बाहेर गाढव अस्वस्थ होऊन खूर आपटत होतं, पण निघायचं कुणाच्या मनात नव्हतं.